दहा माणसांची प्रार्थना : कैरोचे मुख्य राब्बी हाईम नाहूम



ज्यू धर्मशास्त्रात सार्वजनिक प्रार्थनेविषयी एक साधा नियम आहे. तेरा वर्षे पूर्ण झालेले किमान दहा पुरुष एकत्र आल्यावाचून सामुदायिक प्रार्थना होत नाही, धर्मग्रंथाच्या गुंडाळीचे जाहीर वाचन होत नाही आणि मृताच्या नावे म्हणावयाचा ‘कद्दीश’ही म्हणता येत नाही. परंपरेने या दहांच्या समूहाला ‘मिन्यान’ असे नाव दिले आहे. दहा माणसे असतील तर एखाद्याच्या घरातील ओसरीदेखील प्रार्थनेला पुरते. दहा माणसे नसतील तर संगमरवरी खांबांचे भव्य सिनेगॉगही मुकेच राहते. समाज म्हणजे वास्तू नव्हे, तर एकत्र येऊ शकणारी माणसे, हा विचार या नियमात मुळापासून आहे. परमुलखात शंभर वर्षे मराठी ग्रंथ आणि मराठी वाचक यांना एकत्र ठेवणाऱ्या संस्थेच्या सभासदांना त्याचे मर्म वेगळे सांगावयास नको.

आजच्या व्याख्यानाचा विषय अशी दहा माणसे, किंबहुना दहा-दहा माणसांचे हजारो गट, एका मुस्लिमबहुल देशात एकत्र ठेवण्यासाठी पस्तीस वर्षे झटलेल्या एका धर्मगुरूचा आहे. देश इजिप्त, शहर कैरो आणि धर्मगुरूंचे नाव हाईम नाहूम. १९२५ पासून १९६० मध्ये मृत्यू येईपर्यंत ते तेथील ज्यूंचे मुख्य राब्बी होते. त्यांनी काय उभारले, ते कसे उभारले आणि त्यांच्या डोळ्यांदेखत ते का ओसरले, हे पाहणे उद्बोधक आहे.

प्रथम ‘राब्बी’ या शब्दाविषयी. राब्बी म्हणजे आपल्याकडील पुजारी अथवा पुरोहित नव्हे. जेरुसलेमचे मंदिर इसवी सन ७० मध्ये उद्ध्वस्त झाले, यज्ञविधी थांबले आणि तेव्हापासून पुरोहितापेक्षा पंडिताला महत्त्व आले. राब्बी हा मुळात शिक्षक आणि धर्मशास्त्राचा अर्थ लावणारा शास्त्री असतो. विवाह, घटस्फोट, वारसा यांतील वादांचा निवाडा करणे, खाटिकाने प्राण्याचा वध शास्त्रोक्त रीतीने केला आहे की नाही यावर देखरेख ठेवणे, मुलांच्या शिक्षणाची आणि मृतांच्या दफनाची व्यवस्था लावणे, ही सारी त्याच्या कक्षेतील कामे.

कोकणातील बेने इस्राएल समाज मराठी वाचकांना परका नाही. शनिवारी घाणा बंद ठेवणारे म्हणून ‘शनवार तेली’ या नावाने ओळखले गेलेले हे लोक शतकानुशतके मराठी बोलत राहिले. त्यांच्यात राब्बी नव्हते; धार्मिक आणि सामाजिक तंटे सोडविणाऱ्या त्यांच्या प्रमुखांना ‘काजी’ म्हणत. ज्यू धर्माचा अधिकारी आणि त्याची उपाधी मात्र शेजारच्या मुसलमानांकडून घेतलेली! मुंबईत त्यांचे पहिले सिनेगॉग सामाजी हसाजी दिवेकर यांनी १७९६ मध्ये बांधले. लहान समाज आपला धर्म स्वतःचा ठेवतो, परंतु त्याची भाषा, त्याच्या उपाध्या आणि कारभाराच्या रीती तो आसपासच्या मोठ्या समाजाकडून घेतो. कोकणात हे नकळत घडले. कैरोत हाईम नाहूम यांनी ते जाणीवपूर्वक, धोरण म्हणून केले.

नाहूम यांचा जन्म १८७२ च्या सुमारास पश्चिम तुर्कस्तानातील मनिसा या गावी एका गरीब घरात झाला. त्यांचे पूर्वज स्पेनमधून आलेल्या ज्यूंपैकी. १४९२ मध्ये स्पेनच्या ख्रिस्ती राजसत्तेने ज्यूंना हद्दपार केले, तेव्हा त्यांतील अनेकांना उस्मानी सुलतानांच्या साम्राज्यात आसरा मिळाला. या साम्राज्यात प्रत्येक धर्मसमूह हा ‘मिल्लत’ म्हणून ओळखला जाई. सुलतानाशी निष्ठा आणि कर यांच्या मोबदल्यात त्या समूहाला विवाह, वारसा, शिक्षण आणि उपासना यांत स्वतःचा कारभार पाहण्याची मुभा असे. बरोबरीचे नागरिकत्व त्यात नव्हते. परंतु स्वतःचे असे एक दालन होते. राब्बी हा त्या दालनाचा दारवान. त्याचे एक पाऊल आत आणि एक दरबारात.

आजोबांनी नाहूम यांना तिबेरियास येथे धर्मशास्त्राच्या पाठशाळेत नेले. तेथे हिब्रूबरोबर अरबीशीही त्यांची ओळख झाली. पुढे इझमीरच्या सरकारी विद्यालयात तुर्की माध्यमातून शिक्षण झाले आणि त्यानंतर राजधानीत कायद्याचा अभ्यास. मग ‘आलियान्स इझराएलित युनिव्हर्सेल’ या १८६० मध्ये पॅरिसमध्ये स्थापन झालेल्या संस्थेच्या साहाय्याने ते पॅरिसला गेले आणि १८९७ मध्ये राब्बी होऊन परतले. पूर्वेकडील ज्यू मुलांना आधुनिक फ्रेंच शिक्षण द्यावे, हा या संस्थेचा उद्देश होता. पॅरिसमध्ये त्या काळी सुलतान अब्दुल हमीदच्या राजवटीला विरोध करणारे तरुण तुर्क निर्वासित होऊन राहत होते. त्यांच्याशी नाहूम यांचा स्नेह जुळला. तालमूद, तुर्की कायदा, फ्रेंच विद्या आणि भावी राज्यकर्त्यांची मैत्री, असे चार दिशांचे भांडवल एका तरुण राब्बीच्या हाती आले. राजधानीत परतल्यावर तेथील राब्बी विद्यालयाचे प्रमुख, विद्वान अब्राहम दानोन यांच्या कन्येशी, सुलताना यांच्याशी, त्यांचा विवाह झाला.

१९०८ मध्ये तरुण तुर्कांची क्रांती झाली आणि त्यानंतर काही महिन्यांतच, १९०९ मध्ये, नाहूम संपूर्ण उस्मानी साम्राज्याचे ‘हाहाम बाशी’, म्हणजे मुख्य राब्बी म्हणून निवडले गेले. वय अवघे छत्तीस-सदतीस. सनातन्यांना ते फार आधुनिक वाटत, तर पॅलेस्टाइनमध्ये ज्यूंचे राष्ट्रीय घर व्हावे असे म्हणणाऱ्या झायनवाद्यांना ते फार राजनिष्ठ वाटत. बाल्कन युद्धे आणि पहिले महायुद्ध या काळात त्यांनी हे पद सांभाळले आणि १९२० मध्ये ते सोडले. साम्राज्य मोडले, परंतु नव्या तुर्कस्तानालाही त्यांची गरज भासली. १९२२-२३ मध्ये लोझान येथे झालेल्या तहाच्या वाटाघाटींत ते तुर्की शिष्टमंडळाचे सल्लागार होते. एका मुस्लिम राष्ट्राच्या बाजूने युरोपीय सत्तांशी बोलणी करण्यास एक राब्बी बसावा, ही त्या काळातही विरळा गोष्ट.

१९२५ मध्ये कैरोच्या ज्यू समाजाचे त्यांना निमंत्रण आले.

इजिप्तमधील ज्यूंचा इतिहास फार जुना आहे. बाराव्या शतकातील महापंडित मायमोनिडीज हे जुन्या कैरोत, फुस्तात येथे राहत. ते सलादिनच्या दरबारातील वजिराचे वैद्य, इजिप्तमधील ज्यूंचे नेते आणि त्यांचे धर्मशास्त्रावरील बरेच लेखन अरबी भाषेतले, हिब्रू लिपीत लिहिलेले. त्याच फुस्तातमधील बेन एझ्रा सिनेगॉगात ‘गेनिझा’ होती. देवाचे नाव लिहिलेला कागद फेकू नये, या श्रद्धेने जीर्ण कागद टाकण्याची ती खोली. धर्मग्रंथांच्या पानांबरोबर तीत हिशेब, करारपत्रे, व्यापाऱ्यांची पत्रे, मुलांच्या अक्षरओळखीच्या पाट्यादेखील साठत गेल्या. हा साठा १८९६-९७ मध्ये सॉलोमन शेख्टर यांनी केंब्रिजला नेला. भारताच्या पश्चिम किनाऱ्याशी चालणाऱ्या मिरी-मसाल्याच्या व्यापाराचे तपशीलही त्यांतील पत्रांत सापडले. बाराव्या शतकात मंगळूरला राहिलेला अब्राहम बेन यिजू हा व्यापारी आपल्याला ठाऊक झाला, तो याच रद्दीमुळे. समाजाची खरी दौलत त्याच्या कागदपत्रांत असते, हे ग्रंथालयाच्या मंडळींना पटेल.

परंतु १९२५ च्या कैरोतील ज्यू समाज हा एकजिनसी नव्हता. एका टोकाला कत्तावी यांच्यासारखी सधन घराणी होती. समाजाचे अध्यक्ष योसेफ अस्लान कत्तावी पाशा हे १९२४ मध्ये इजिप्तचे अर्थमंत्री झाले होते. बँका, साखर कारखाने, रेल्वे आणि मोठी दुकाने यांत या घराण्यांचा पैसा गुंतलेला. दुसऱ्या टोकाला ‘हारेत अल-याहूद’ ही जुनी ज्यू वस्ती होती. तेथील अरुंद गल्ल्यांतून सोनार, फेरीवाले, कारागीर अशी गरीब माणसे राहत. त्यांची घरची भाषा अरबी, पोशाख आणि जेवण शेजाऱ्यांसारखेच. मधल्या थरात इझमीर, सालोनिका, इटली, सीरिया आणि रशिया येथून आलेली कुटुंबे. कोणी स्पॅनिशवरून आलेली लादिनो बोले, कोणी इटालियन, कोणी यिडिश. आणि मुलांना मात्र सर्वांनी फ्रेंच शाळांत घातलेले. शिवाय तालमूद न मानणारे कराइट ज्यू आपला कारभार वेगळा ठेवून होते. अलेक्झांड्रियाच्या ज्यूंचीही स्वतंत्र संघटना आणि स्वतंत्र राब्बी होते.

अशा समाजात सामुदायिक जीवन उभे करावयाचे म्हणजे काय करावयाचे? अदली रस्त्यावरचे ‘शार हशमायिम’, म्हणजे ‘स्वर्गद्वार’ नावाचे भव्य सिनेगॉग विसाव्या शतकाच्या आरंभीच बांधून झाले होते. वास्तूची वाण नव्हती. खरे काम रोजचे आणि नीरस होते. मूल जन्मले की नोंद करणे, विवाहाचा करार लिहून घेणे, घटस्फोटाचे पत्र शास्त्रशुद्ध आहे ना हे तपासणे, कोशर मांसाची व्यवस्था, गरिबांच्या मुलांच्या शाळा, वल्हांडणाच्या सणाला बेखमीर भाकर, रुग्णालय, दफनभूमी. हे सारे चालते ते श्रीमंतांच्या देणग्यांवर आणि सभासदांच्या वर्गणीवर. राब्बी हा पगारी नोकर. तिजोरीच्या किल्ल्या कार्यकारिणीच्या कमरेला. ज्यांनी एखाद्या सार्वजनिक संस्थेचा कारभार पाहिला आहे त्यांना ही ओढाताण परिचयाची वाटेल.

त्यातही राब्बींचे न्यायालय हे या व्यवस्थेचे आधारभूत अंग होते. उस्मानी परंपरेनुसार इजिप्तमध्येही प्रत्येक धर्मसमूहाला विवाह आणि घटस्फोट यांबाबत स्वतःचे न्यायालय होते. त्याचा निकाल राज्य मानी. म्हणून पॅरिसचा पदवीधर असो की हारेतमधला फेरीवाला, लग्नाच्या आणि मरणाच्या वेळी त्याला राब्बींच्या कचेरीचा उंबरठा ओलांडावाच लागे. भिन्न भाषा आणि भिन्न वर्ग यांना एकत्र बांधणारा धागा हा होता.

नाहूम यांचे वैशिष्ट्य असे की, केवळ हा आतला धागा बळकट करून ते थांबले नाहीत. समाजाचे आयुष्य भोवतालच्या राष्ट्राच्या आयुष्यात रुजले पाहिजे, अशी त्यांची धारणा होती. १९२९ मध्ये इजिप्तचा नागरिकत्वाचा कायदा आला. नाहूम यांनी त्याच वर्षी तेथील नागरिकत्व घेतले. १९३१ मध्ये राजा फुआद यांनी त्यांना सिनेटचे सदस्य नेमले. उस्मानी सुलतानांनी इजिप्तच्या सुभेदारांना आणि खेदिवांना पाठविलेल्या फर्मानांचा फ्रेंच भाषेतील संग्रह त्यांनी सिद्ध केला. १५९७ ते १९०४ अशा तीन शतकांचा तो दस्तऐवज १९३४ मध्ये कैरोत प्रसिद्ध झाला. जुनी तुर्की वाचणारी पिढी मावळत असताना हे काम करणारा माणूस इजिप्तच्या राजाला ज्यू राब्बींमध्ये मिळाला.

आणि सर्वांत लक्षणीय गोष्ट म्हणजे, १९३३ मध्ये अरबी भाषेच्या संवर्धनासाठी कैरोत जी राजमान्य भाषा-अकादमी उभी राहिली, तिच्या पहिल्या वीस सदस्यांत हाईम नाहूम होते. अरबी ही कुराणाची भाषा. तिच्यात नव्या शास्त्रांसाठी शब्द कसे घडवावेत, व्याकरणाचे नियम कोठे सैल करावेत, याचा विचार करण्यास अल-अझहरचे उलेमा, गिब आणि मासिन्यों यांच्यासारखे युरोपीय पंडित आणि ज्यूंचे मुख्य राब्बी एका मेजाभोवती बसले. हिब्रू आणि अरबी या बहिणी-बहिणी. एकीच्या धातूंचा अभ्यास केलेल्याला दुसरीच्या धातूंची वाट ओळखीची असते. परंतु व्याकरणापेक्षाही त्यात एक सामाजिक अर्थ होता. देशाच्या भाषेची सेवा करणारा माणूस परका नसतो, हे त्या खुर्चीवर बसण्यातून सांगितले जात होते.

१९१९ च्या राष्ट्रीय उठावात ‘धर्म देवाचा आणि देश सर्वांचा’ ही घोषणा इजिप्तमध्ये दुमदुमली होती. तिच्यावर विश्वास ठेवणारे इतरही ज्यू होते. कराइट समाजातील मुराद फराग हे वकील अरबीत कविता लिहीत. त्याच समाजातील दाऊद हुस्नी यांच्या चाली कैरोतील घराघरांत गायल्या जात. १९३४ पासून ‘अल-शम्स’ हे ज्यूंचे अरबी साप्ताहिक निघू लागले. ज्यू मुलांनी अरबी शिकावी आणि ज्यूंनी इजिप्तचे नागरिकत्व घ्यावे, असा त्याचा आग्रह होता.

तथापि या प्रयत्नांना मर्यादा होत्या आणि त्या झाकून ठेवणे योग्य नाही. फ्रेंच शाळांत शिकलेल्या मुलांना अरबी ही बाजाराची भाषा वाटत राहिली. परकीय नागरिकांना खास सवलती देणारी जुनी व्यवस्था १९३७ पर्यंत चालू असल्याने, ज्यांच्याकडे इटालियन किंवा फ्रेंच पारपत्र होते त्यांना ते सोडण्याचे कारण दिसले नाही. गरिबांची अडचण वेगळी होती. पिढ्यान्‌पिढ्या तेथेच राहूनही त्यांच्याकडे तसे सिद्ध करणारा कागद नव्हता आणि सरकारी कचेऱ्यांतून खेटे घालूनही तो मिळत नव्हता. त्यामुळे मोठा भाग कोणत्याच देशाचा नागरिक नाही, अशा अवस्थेत राहिला. तोपर्यंत हा प्रश्न कागदी वाटत होता. १९४७ मध्ये कंपन्यांचा कायदा आला, नोकरांपैकी पंचाहत्तर टक्के आणि कामगारांपैकी नव्वद टक्के इजिप्शियन नागरिकच हवेत असे ठरले, तेव्हा तो भाकरीचा प्रश्न झाला.

त्याच वर्षीच्या जनगणनेत इजिप्तमधील ज्यूंची संख्या सुमारे ६५,६०० होती. पुढच्या दहा वर्षांत जे घडले ते कोणत्याही राब्बीच्या आवाक्याबाहेरचे होते. मे १९४८ मध्ये इस्रायलची स्थापना झाली आणि इजिप्त युद्धात उतरला. शेकडो ज्यूंना स्थानबद्ध करण्यात आले. जूनमध्ये कैरोच्या कराइट वस्तीत आणि सप्टेंबरमध्ये जुन्या ज्यू वस्तीत स्फोट होऊन अनेक निरपराध माणसे मेली. त्यानंतरच्या दोन वर्षांत सुमारे वीस हजार लोक देश सोडून गेले. नाहूम यांची कोंडी येथून सुरू झाली. इजिप्शियन ज्यूंची निष्ठा इजिप्तशी आहे, हे त्यांना वारंवार जाहीर करावे लागले. झायनवादी तरुणांना हे बोलणे लाचारीचे वाटे. सरकारला आणि जहाल पत्रांना ते अपुरे वाटे. वस्तुतः ते त्यांचे जन्मभराचे मत होते. परंतु स्वतःहून उच्चारलेले वचन आणि भयाच्या छायेत वदवून घेतलेले वचन यांचे शब्द एकच असले तरी वजन एक राहत नाही.

१९५२ मध्ये राजेशाही गेली. त्या वर्षीच्या योम किप्पूरला, प्रायश्चित्ताच्या दिवशी, नव्या राजवटीचे प्रमुख जनरल नगीब यांनी कैरोतील सिनेगॉगला भेट दिली. वृद्ध राब्बींना पुन्हा आशा वाटली असल्यास नवल नाही. पण १९५४ मध्ये नगीब बाजूला पडले आणि गमाल अब्दुल नासर यांच्या हाती सत्ता एकवटली. त्याच वर्षी इस्रायली हेरखात्याने काही ज्यू तरुणांकरवी कैरो आणि अलेक्झांड्रियात घातपात घडविण्याचा कट केला. तो फसला आणि जानेवारी १९५५ मध्ये दोघांना फाशी झाली. काही थोड्यांच्या या कृत्याने उरलेल्या सर्वांच्या प्रामाणिकपणावर संशयाची छाया पडली. ज्या इस्रायली अधिकाऱ्यांनी हे तरुण वापरले त्यांनी त्यांच्या मागे राहणाऱ्या समाजाचा विचार केला नव्हता, हेही नमूद केले पाहिजे.

१ जानेवारी १९५६ पासून इजिप्तने धर्मसमूहांची सर्व न्यायालये, मुस्लिम शरियत न्यायालयांसह, रद्द केली. सर्व नागरिकांसाठी एकच न्यायव्यवस्था, हा हेतू आधुनिक आणि वरकरणी समतेचा. परंतु त्यामुळे राब्बींच्या हातातील शेवटचा अधिकृत धागा सुटला. आणि त्याच वर्षी ऑक्टोबर-नोव्हेंबरमध्ये सुएझचे युद्ध झाले. ब्रिटन, फ्रान्स आणि इस्रायल यांनी इजिप्तवर हल्ला केला आणि त्याचा राग तेथील ज्यूंवर निघाला. शेकडो उद्योग सरकारने ताब्यात घेतले, अनेकांना अटक झाली, अनेकांना देश सोडण्याचे हुकूम आले. काही महिन्यांत वीस हजारांहून अधिक माणसे एखादी पेटी आणि थोडी रोकड घेऊन, परत येणार नाही अशा अर्थाच्या कागदावर सही करून, अलेक्झांड्रियाच्या बंदरातून बाहेर पडली. त्यांत लक्षाधीश होते तसे हारेतमधले फेरीवालेही होते. ज्यांना अरबीखेरीज दुसरी भाषा येत नव्हती त्यांनाही परके ठरविण्यात आले. भाषेची सेवा केलेला माणूस परका नसतो, या श्रद्धेला मिळालेले ते उत्तर होते.

नाहूम मात्र गेले नाहीत. पॅरिसमध्ये त्यांची ओळख होती, भाषा येत होती, कोणत्याही युरोपीय शहरात त्यांचे वार्धक्य सुखाने गेले असते. डोळे गेले होते. अंधत्व आलेल्या अवस्थेतही ते आपल्या पदावर राहिले. जाणाऱ्यांना कागद लागत होते. जन्माचा दाखला, विवाहाचा करार, आपण कोण याचा पुरावा. आणि राहणाऱ्यांना आपल्या मृतांवर कद्दीश म्हणणारे कोणी तरी हवे होते. १३ नोव्हेंबर १९६० रोजी कैरोत त्यांचे निधन झाले. शहराच्या दक्षिणेस बसातीन येथील जुन्या ज्यू दफनभूमीत त्यांना मूठमाती देण्यात आली. त्या वर्षीच्या जनगणनेत इजिप्तमध्ये साडेआठ हजारांच्या आसपास ज्यू उरले होते. १९६७ च्या युद्धानंतर तेही विरळ झाले. नाहूम यांच्या मागून आलेले राब्बी हाईम दुएक १९७२ मध्ये देश सोडून गेले आणि तेव्हापासून कैरोत कायम वास्तव्य करणारा राब्बी नाही.

आज इजिप्तमधील ज्यूंची संख्या बोटांवर मोजण्याइतकी आहे. सिनेगॉगे मात्र पूर्वीपेक्षा नेटकी आहेत. अलेक्झांड्रियाचे एलियाहू हानवी हे विशाल सिनेगॉग सरकारने दुरुस्त करून जानेवारी २०२० मध्ये उघडले. बेन एझ्राचे जीर्णोद्धाराचे काम पूर्ण होऊन तेही २०२३ मध्ये खुले झाले. हे काम स्वागतार्हच आहे. परंतु तेथे प्रार्थनेस दहा माणसे जमवावयाची तर बाहेरून पाहुणे आणावे लागतात. आणि ज्या नोंदवह्या नाहूम यांच्या कचेरीत भरल्या गेल्या, त्यांतील आजी-आजोबांच्या विवाहाच्या आणि जन्माच्या नोंदींच्या प्रती मिळाव्यात म्हणून पॅरिस, लंडन, न्यूयॉर्क येथे स्थिरावलेले वंशज अर्ज-विनंत्या करीत आले आहेत.

मग हाईम नाहूम यांचे जीवनकार्य विफल झाले असे म्हणावयाचे काय? त्यांचे टीकाकार म्हणतात की, ते दरबारी होते. सुलतान, पाशा, राजा आणि शेवटी लष्करी अधिकारी यांच्याशी जमवून घेण्यात त्यांचे आयुष्य गेले. त्यांनी आपल्या माणसांना वेळीच निघून जाण्यास सांगावयास हवे होते. या टीकेत तथ्याचा अंश आहे. सत्ताधाऱ्यांच्या सद्भावनेवर त्यांची मदार फार होती, आणि राज्यकर्ता बदलला की सद्भावनाही बदलते, हे इस्तंबूलमध्ये एकदा पाहूनही ते कैरोत पुन्हा त्याच वाटेने गेले.

परंतु दुसरी बाजू अशी की, त्यांच्यापुढे दुसरी वाट कोणती होती? दालनाचे दार लावून घेऊन आत बसणारा समाज सुरक्षित राहिला असता, असे इतिहास सांगत नाही. देशाच्या भाषेत, कायद्यात, विद्वत्सभेत स्थान मिळवावे आणि घरी आपला धर्म जतन करावा, ही नाहूम यांची दिशा चुकीची नव्हती. ती सफल होण्यास दोन हातांची गरज होती. अल्पसंख्य समाजाने पुढे केलेला हात राष्ट्राने धरला पाहिजे, आणि शेजारच्या राष्ट्रांनी त्या हातात आपल्या राजकारणाचा निखारा ठेवता कामा नये. पहिला हात नाहूम यांनी शेवटपर्यंत पुढे ठेवला. दुसरा मागे घेतला गेला, हा दोष त्यांचा नव्हे.

आणि त्यांनी जे उभारले ते सर्वस्वी गेलेही नाही. कैरोहून पांगलेली माणसे जेथे गेली तेथे त्यांनी आपली इजिप्शियन सिनेगॉगे मांडली. आपल्याच चालीत प्रार्थना म्हटल्या. विवाहाचा करार कसा लिहावा, सणाची भाकर कशी करावी, मृताला निरोप कसा द्यावा, हे त्यांना सांगावे लागले नाही. ते पस्तीस वर्षांच्या नीरस कारभारातून त्यांच्या अंगवळणी पडले होते. वास्तू मागे राहिली. रीत बरोबर गेली.

कैरोची कहाणी आणि आपल्या मराठी वस्त्यांची कहाणी यांची तुलना ओढूनताणून करण्याचे कारण नाही. आपल्याला येथे ना कोणी परके ठरविले, ना दाखले मागितले. भोवतालच्या समाजाने या संस्थेला आपलेच मानले, हे भाग्य सामान्य नव्हे. तरीही ज्यू धर्मशास्त्रातील तो नियम शतकमहोत्सवाच्या दिवशी आठवावा असा आहे. कपाटे, इमारत आणि देणगीदारांच्या नावांची शिळा या गोष्टी आवश्यक खऱ्या. परंतु संध्याकाळी वाचनालयाचे दार उघडल्यावर आत येणारी दहा माणसे, आणि त्यांची नोंदवही रोज न चुकता भरणारा एक कार्यकर्ता, यांच्यावर संस्था उभी असते. हे दोन्ही आपल्याकडे आहेत तोवर दुसऱ्या शतकाची चिंता नको.